फुटाला एक सूत

नाचणीचं पीठ तीन दिवस आंबतंय.
पहिल्या दिवशी गप्प होतं,
दुसऱ्या दिवशी त्यानं झाकण उचललं,
आज पहाटे सबंध स्वयंपाकघराला
अदिस अबाबातल्या वर्केनेशबाईंच्या ओसरीचा वास.
टेफ इथं मिळत नाही. लक्ष्मीपुरीत तीन दुकानं हिंडलो,
तिसऱ्यानं टेप काढून दाखवली.

चौदा महिने होतो तिकडं,
फौंड्रीत लाकडी साचे करायला.
बाईंनी मला उपाशी ठेवलं नाही
आणि एकट्यानं जेवूही दिलं नाही.

अश्लेषा हामामात्सूहून आली आहे, अकरा दिवसांसाठी.
मोज्यांत गुंडाळून मिसोचा डबा आणलाय.
पाच वर्षं झाली, तरी
"आबा, तुम्ही सरका, मी करतो," म्हणते.
कोल्हापूरच्या पोरीचा हा 'करतो'
कुठल्या विमानतळावर काढून घेतला नाही कुणी.
काल रात्री त्याच आवाजात म्हणाली,
"तिकडंच घर बघतोय."
मालननं भांडी जरा जास्तच घासली.

अंड्याच्या गुंडाळीला तिला चौकोनी तवा लागतो.
परवा सागवानाचा साचा कोरला,
काल उद्यमनगरात मुल्लांच्या भट्टीवर
उरलेल्या लोखंडात ओतून घेतला.
"बाहुलीचा संसार मांडताय काय?" मुल्ला म्हणाले.
ग्राइंडर मारला, रात्रभर तेल पाजलं.

साचे करणाऱ्याची पट्टी लबाड असते.
तिच्यावरचा फूट
बाजारातल्या फुटाहून एक सूत लांब.
लोखंड थंड होताना अंग चोरतं,
ते आधीच धरून चालायचं.
चाळीस वर्षं ही पट्टी खिशात आहे,
घरात कधी लागली नव्हती.

तर, मोठ्या तव्यावर घावन.
बाहेरून आत, गोल गोल धार.
उलटायचं नाही, एकाच अंगानं शेकायचं,
वरच्या अंगाला शेकडो डोळे उघडतात.
बाई त्यांना डोळेच म्हणायच्या.
पहिलं फाटलं.
दुसरं अश्लेषानं उभ्याउभ्याच संपवलं.

मग कांदा, तेलाशिवाय, करपेपर्यंत धीर धरून,
बेसन, मेथी-वेलदोड्याचं तूप,
बर्बेरे संपून सोळा वर्षं झाली
म्हणून आपला कांदा-लसूण मसाला.
"याला तिथं शिरो म्हणतात," मी म्हटलं.
"पिठलंय हे," मालन.
"आमच्याकडं शिरो म्हणजे पांढरा,"
अश्लेषा हसली, मिसोचा डबा वर धरून.

आमच्याकडं.
मी पिठलं ढवळत राहिलो,
गुठळी नव्हती तरी.

पांढरा शिरो तिनं गरम पाण्यात विरघळवला,
वर कांद्याची पात.
चौकोनी तव्यात अंडं थरावर थर गुंडाळलं,
चिमटीभर साखर घालून. साखर!
कोपरे नीट सुटले, कुठं चिकटलं नाही.
मुल्लांना सांगायला हवं.

एक तांबडा, एक पांढरा.
कोल्हापुरात याहून वेगळं काय सांगायचं असतं?

पण मांडायचं कसं, यावर अडलं.
तिनं नऊ वाट्या काढल्या,
ज्याची त्याची, प्रत्येकीत चार घास,
मध्ये बोटभर अंतर सोडून.
मी माळ्यावरून परात काढली:
एक घावन अंथरायचं, सगळं त्याच्यावर,
तिघांचे हात एकाच ताटात.
कुणीच काही बोललं नाही थोडा वेळ.
शेवटी परातीत घावन, घावनावर वाट्या.
दिसायला विचित्र.
मालन म्हणाली, "सगळं खरं, पण यात कट कुठाय?"

वर्केनेशबाई पहिला घास स्वतः घेत नसत.
समोरच्याच्या तोंडात भरवायच्या, गुर्शा म्हणायच्या त्याला,
घास जेवढा मोठा तेवढी माया.
मी तुकडा तोडला, त्यात तांबडं,
गोड अंड्याची एक चकती,
दुमडला, वरून आणखी थोडं तांबडं.

"आबा, लई मोठा झाला."
"होऊ दे."

आता तिला बोलता येत नाही, गाल फुगलेत,
डोळ्यांत पाणी. तिखटानं, ती खुणेनं सांगते.
मालन कटासाठी बरण्या धुंडाळतेय.