सहा ठिपके

मी स्कोअरर होतो. स्कोअररला कोण विचारतो.
पण जगन नाखवाचा चेंडू न् चेंडू
माझ्या पेन्सिलीच्या टोकाखालून गेलाय.
धाव नाही, ठिपका.
पुन्हा ठिपका.
सहा झाले की ते जोडून इंग्रजी एम काढायचा,
ही निर्धाव षटकाची आमची खूण.
जगनच्या ओळीत एमला एम लागून यायचे,
ट्रॉम्बेच्या धक्क्याला भरती लागावी तसे.

कॉलेजात पोरं म्हणायची, याच्या किटला बोंबलाचा वास येतो.
आंतरकॉलेज फायनलला बावीस धावांत सात घेतल्या,
वास गेला.
प्राचार्यांनी शेकहँडला उजवा हात पुढे केला,
यानं सवयीनं डावा.

वीज कंपनीनं त्याला उचलला. कागदावर मीटर रीडर.
आठवडाभर भायखळ्यात जिन्याखाली वाकून
तो लोकांचे आकडे उतरवायचा,
रविवारी मी त्याचे.

आझाद मैदानात आमचा थर्डमॅन
परक्या मॅचच्या स्लिपला पाठ टेकून उभा.
एकदा जगनच्या चेंडूवर उडालेला झेल
त्या परक्या स्लिपनंच घेतला, सुरेख, एका हातात.
बॅट्समन निम्म्या वाटेवर पोचला होता,
त्याला हाका मारून परत आणला.
जगन कमरेवर हात ठेवून हसत राहिला.
मी ठिपका टाकला.

एकोणऐंशीच्या थंडीत पोस्टकार्ड आलं : संभाव्य तीस.
थोरल्या भावानं बोटीच्या डिझेलचे पैसे मोडून
बूट घेऊन दिले, खिळ्यांचे.
अकरा दिवस नेटमध्ये मोठ्या नावांना गोलंदाजी.
एकानं, नाव सांगत नाही,
वळून आपली उखडलेली मधली यष्टी पाहिली
आणि म्हणाला, नो बॉल.
नेटमध्ये पंच नसतो.
स्कोअरर तर नसतोच.
तेवढेच काय ते त्याचे चेंडू, जे माझ्या वहीत नाहीत.

यादी पंधरांची लागली.
जगन सोळावा होता, असं सगळेच म्हणायचे.
सोळावा कुठं लिहिलेला नसतो.

मग कांगा लीग, सी डिव्हिजन, ओळीनं तेरा वर्षं.
आउटफिल्डला पोटरीभर गवत,
चांगला फटका तिथंच बसायचा आणि चार माणसं
वाकून चेंडू शोधायची, हरवलेली अंगठी शोधावी तशी.
तंबूत चहा, ब्रेड, ओल्या मोज्यांची वाफ.
मला वहीवर प्लॅस्टिक धरायला एक पोरगा दिलेला,
त्याचं लक्ष कायम ब्रेडकडे.
त्या तेरा वर्षांत जगनचं लग्न झालं, दोन मुली झाल्या.
तारखा मला आठवतात, कारण त्या रविवारी तो नव्हता.

खांदा गेला ब्याण्णवला.
षटकाच्या मधोमध गेला, चौथ्या चेंडूनंतर.
उरलेले दोन कुणा दुसऱ्यानं टाकले.
चार ठिपके तसेच आहेत.
चारांचा एम होत नाही.

परवा तो कळव्याला माझ्याकडे आला,
गुडघ्यांची तक्रार करत तीन मजले चढून.
कंपनी जुन्या खेळाडूंना शाल देणार आहे,
फॉर्मात रकाना : एकूण बळी.
कपाटावरच्या वह्या काढल्या. काहींच्या कडा वाळवीनं नेलेल्या.
दोघांचे चष्मे, एक दिवा, साडेतीन तास.
सहाशे अकरा.

मी लिहायला पेन उघडलं तर यानं बोट ठेवलं.
शहाऐंशी, ऑगस्ट, हा बघ. हा रनआउट होता.
थ्रो माझा होता, पण रनआउट.
तू माझ्या नावावर टाकलायस.
म्हटलं, जगन, छत्तीस वर्षं झाली. तो बॅट्समनसुद्धा वारला.
कोण बघतंय?
तू, म्हणाला.

खोडरबर सापडेना.
शेवटी नातीच्या कंपासपेटीत मिळालं,
गुलाबी, अननसाच्या वासाचं.
सहाशे दहा.