मधल्या अक्षराचे फटकारे

पिप्पी म्हणायचो आम्ही त्या डबीला.
कमरेला खोचलेली, काडेपेटीहून जराशी मोठी,
तिला अक्षरं कळत नसत, नुसते आकडे.
म्हणून यंगदोच्या गोदीतला दुशिक
रात्रपाळीच्या मधल्या सुट्टीत
फोनच्या रांगेत नाणी खुळखुळवत उभा राहायचा
आणि मला पाठवायचा: ४८६.

सा-रांग-हे. तुझ्यावर जीव आहे.
लिहिताना किती फटकारे पडतात ते मोजायचं:
चार, आठ, सहा.
अख्ख्या बुसानच्या पोरापोरींना पाठ होतं.
मी मात्र पाट्या रंगवणाऱ्याची लेक,
ब्रश धुता धुता मोठी झालेली.
मोजून पाहिलं, आणि उलट कळवलं:
४६६.

रविवारी, फिशकेकच्या गाडीवर,
काचेवर धरलेल्या वाफेत त्यानं
मधल्या अक्षराचा तो नागमोडी र काढला.
आडवी. उभी. आडवी. उभी. आडवी.
दर कोपऱ्याला बोट उचललं.
"हे पाच. पुढचे तीन धर. झाले ना आठ?"

असं कोण लिहितं? मी म्हटलं.
ब्रश कोपऱ्यावर नुसता वळतो,
तिनात होतो तुझा र.

"आमच्याकडे प्रत्येक कोपरा
वेगळा सांधावा लागतो," वेल्डर म्हणाला,
"नाहीतर पाणी शिरतं."
आणि माझ्या वाटीतला शेवटचा तुकडा
विचारल्याशिवाय उचलून खाल्ला.

त्याच हिवाळ्यात फाटकावर यादी लागली.
नावं नव्हती, हजेरीचे नंबर.
त्याचा २१७०.

रात्री पिप्पी थरथरली: ८२८२.
म्हणजे लवकर, लवकर.
मी एक पाटी पुरी करत होते,
कडेचा लाल रंग ओला होता,
वाटलं, एवढी ओळ संपवू.
बूथपाशी पोचले तेव्हा आत
भलताच कुणी माणूस, रिसीव्हर खांद्यात धरून,
नाणी शोधत होता.

पुढे कुणी सांगितलं, जहाजावर गेला.
कुणी सांगितलं, उल्सानला दिसला, जाड झालाय.

आता दुकान माझं आहे.
अक्षरं मशीनच कापून देतं,
तरी एखादा म्हातारा नूडलवाला
हातानंच हवी म्हणून अडून बसतो.
परवा असाच एक पाटीजवळ वाकला,
चष्मा कपाळावर सरकवून म्हणाला,
बाई, या र ला सांधे कसे दिसतात?

म्हटलं, हात थरथरतो हल्ली.
पाच हजार वॉन कमी लावले.