मागचं उजवं

यवतेश्वरचा घाट उतरताना दिवा लागला.
पिवळा. घोड्याच्या नालासारखं चित्र
आणि आत उद्गारचिन्ह,
जसं कुणी वाक्य न लिहिताच
नुसतं ओरडून ठेवलंय.

पंपावरच्या पोऱ्यानं चारही चाकांत तेहतीस भरली.
दिवा तसाच.
सकाळी किल्ली फिरवली तर मिनिटभर लुकलुकला
आणि मग ठाण मांडून बसला.

"आधी लुकलुकतोय? मग हवा न्हाय गेली, ताई,"
वाढे फाट्यावर दस्तगीर मुलाणी म्हणाले,
"हवा सांगणारा गेलाय."

पडद्यावर तीन आकडे,
पुढच्या डाव्या चाकापाशी दोन आडव्या रेघा.

मी शाळाशाळांतून पोरांचे कान तपासते.
डिकीत यंत्र, हेडफोन, निळी वही.
शिट्टी ऐकू आली की बोट वर करायचं, बास.
काल बामणोलीला एक मुलगी
शेजारणीकडं बघून बोट वर करत होती.
तिला मी भिंतीकडं तोंड करून बसवलं.
मग तिचं बोट मांडीवरून हललं नाही.

दस्तगीरांची भाची जुलेखा
हातात यंत्र घेऊन चाकाचाकापाशी उकिडवी बसली.
व्हॉल्वला यंत्र टेकवायचं, कळ दाबायची, थांबायचं.
पुढचं डावं बोललं. चक्क बोललं.
तेहतीस, आणि खाली लांबलचक नंबर, स्वतःच्या नावासारखा.
"मग मुकं कोण?"
मागचं उजवं.

गेल्या दिवाळीत कराडला चाकं अदलाबदल केली होती,
मागची पुढं, डावी उजवीकडं.
गाडीला कुणी सांगितलंच नाही.
ती वर्षभर जुन्याच पत्त्यावर हाका मारत होती,
आणि मी रोज पुढच्या डाव्या चाकाला लाथ मारून बघत होते,
बिचाऱ्याला.

चाक निघालं. मशीनवर चढलं.
"व्हॉल्वपाशी पहार लावू नगंस!"
दस्तगीर ओरडले, गरजेपेक्षा मोठ्यानं.
टायरच्या पोटातून काळी डबी निघाली,
काडेपेटीपेक्षा लहान, धुळीनं माखलेली.
मी म्हटलं, सेल बदला की नुसता.
"आत ओतून बंद केलेला असतोय.
धा वर्सं बोलायचं, मग गप.
येताना बांधून दिलेली तेवढीच भाकरी."

बोलताना ते मान वळवत होते, प्रत्येक वेळी.
माझ्या लक्षात आलं.
"उंब्रजला ट्रकची रिंग उडाली," ते म्हणाले,
"डावा कान तवापास्नं.
त्याआधी टायरवर गज मारून आवाजावर सांगायचो,
कुठल्यात किती."
सांगताना रडगाणं नव्हतं,
नवा नट आवळत होते.
पाना कट् म्हणाला. त्यांना ऐकू आला नसावा,
मनगटाला कळला.

जुलेखा नवा नंबर गाडीला शिकवत होती.
मी डिकी उघडली. "बसता का? पाचच मिनिटं."
"पैसं किती?"
"काही नाही."
"मग बसतो."

पोरीनं कॉम्प्रेसर बंद केला.
दुकान एवढं शांत झालं
की हायवेवरचे ट्रक दुकानातून गेल्यासारखे वाटले.
दस्तगीर उलट्या घमेल्यावर,
ग्रीसनं काळ्या झालेल्या कानांवर माझे लाल-निळे हेडफोन.
उजवीकडं बोट लगेच वर. पुन्हा वर. पुन्हा.
डावीकडं मी आवाज वाढवत गेले, वाढवत गेले.
त्यांनी डोळे मिटून घेतले.
मग हळूच एक बोट उचललं,
मी काहीच वाजवलं नव्हतं तेव्हा.

वहीत काय लिहावं, मला सुचेना.
जुलेखानं बिल लिहिलं. दोन हजार आठशे.
जुनी डबी मी मागून घेतली.

"पाच-धा किलोमीटर पळवा, मग आकडा दिसंल."
लिंब फाट्याच्या अलीकडं रेघा पुसल्या
आणि कोपऱ्यात बत्तीस उमटलं.
एक कमी होतं.
दिवा विझला होता, मी परत फिरले नाही.
डॅशबोर्डवर ती डबी
वळणावळणाला इकडून तिकडं घरंगळत राहिली.