दगडापेक्षा मऊ

स्ट्रॉमनेसच्या धक्क्यामागे, बोळाच्या टोकाला
इंगा इस्बिस्टरबाईंचं घर
समुद्राला खांदा देऊन उभं आहे.
मी हातोडीच्या दांड्यानं भिंत वाजवून पाहिली.
सिमेंटच्या दरजा खणखणीत,
दगड मात्र भद्द.

"बळकट आहे की," बाई म्हणाल्या.
"आमच्या सिगर्डनं स्वतः भरलं. दोन उन्हाळे लागले.
एक ढेकूळ पडलं नाही आजवर."

खरंच होतं. सिमेंट पडलं नव्हतं.
पडत होता दगड.
पापुद्रा पापुद्रा सुटून अंगणात त्याची माती होत होती,
आणि दरजा तेवढ्या पुढे आलेल्या,
गाल बसलेल्या म्हाताऱ्याच्या हाडांसारख्या.

कसं सांगायचं?
भिंत भिजते. इथे पाऊस आडवा येतो, भिजणारच.
प्यालेलं पाणी तिला कुठून तरी सोडायचं असतं.
जुना चुना म्हणायचा, जा माझ्यातून.
सिमेंट वाट देत नाही.
मग पाणी दगडात थांबतं, थंडीत तिथेच गोठतं,
लोणा फुलतो.
दगडापेक्षा वीट मऊ, आणि चुना
दोघांपेक्षा मऊ हवा.
झिजायचं त्यानं, हे ठरलेलं काम त्याचं.

बाई काही बोलल्या नाहीत. किटली ठेवायला आत गेल्या.

पन्हळीच्या मागे, जिथे सिगर्डची थापी पोचली नव्हती,
तळहाताएवढा जुना चुना सापडला.
भिंगाखाली त्यात शिंपल्यांचा चुरा, कोळशाचा एक कण.
अर्धा तुकडा मुरंब्याच्या रिकाम्या बरणीत
व्हिनेगरमध्ये टाकला. फसफसला बराच वेळ.
शिंपलेही गेले विरून.
सकाळी तळाशी उरली नुसती वाळू,
जाडी, तांबूस, मधूनच काळी.
माझ्या काडेपेट्यांत पाच वाळू होत्या.
चार परत खिशात.

चुन्याचा प्रश्न राहिला.
पिंपात पाण्याखाली वर्षभर मुरलेला, लोण्यासारखा,
तो अंगणाकडच्या भिंतीला.
समुद्राकडे तो टिकायचा नाही, खारा वारा चाटून नेईल.
तिथे ओलीतही धरणारा हवा,
पण त्यातला सगळ्यात कडक नको,
त्याला सिमेंटचीच खोड असते.
मधला घेतला. एकास अडीच वाळू.
पाणी बेताचं: मुठीत गोळा व्हावा, हाताला चिकटू नये.

छिन्नीनंच उकरलं सगळं. यंत्रानं दगडाच्या कडा जातात.
तिसऱ्या दिवशी खिडकीच्या डाव्या अंगाला
सिमेंटच्या पोटात काहीतरी चमकलं.
रुंद दरजेत पाचर म्हणून ठोकलेला
चहाचा चमचा.

बाईंनी तो अॅप्रनला पुसला,
दांड्यावरचं फूल अंगठ्यानं चाचपलं.
"लग्नातले सहा होते," म्हणाल्या.
"पन्नास वर्षं मी समजत होते,
माझ्या नणंदेनं नेला."

मग जरा वेळानं,
"त्याला माहीत होतं. शेजारी बसून ऐकायचा मला
तिला नावं ठेवताना."

मी विचारलं नाही काही.
घमेल्यात माल वाळत होता, थापीनं उलटापालटा केला,
दरज ओली केली, भरली, दाबली,
पृष्ठ ब्रशनं ठोकून खरबरीत ठेवलं.

दुपारी त्यांनी चांगला कोट घातला.
"मार्गिट अजून बंदरापलीकडेच राहते," म्हणाल्या,
जणू मीच विचारलं होतं.
चमचा खिशात.
बोळाच्या वळणावर एकदा थांबल्या,
भिंतीला हात लावला, शेजाऱ्याच्या,
आणि गेल्या.

मी गोणपाटं भिजवून नव्या दरजांवर टांगली.
संध्याकाळी पुन्हा भिजवायची, उद्याही, परवाही.
चुना घाईनं वाळला तर
त्याचं पीठ होतं.