सत्ताविसावा खांब

शुक्रवारी सकाळी माझे वडील, फायव्हिश लिपशुट्झ,
गाडीत बसतात. मांडीवर नकाशा.
चौतीस खांब, चौतीस गाठी,
पेन्सिलीनं इतका गिरवलेला
की रेल्वे यार्डाच्या बाजूला कागद झिरझिरीत झालाय.
गाडी मी चालवते. डोळेही माझेच.
त्यांचे गेल्या हिवाळ्यापासून
उजेड आहे की नाही, एवढंच सांगतात.

"बारावा?"
"आहे."
"तेरावा?"
"आहे. ढिला पडलाय."
"ढिला चालतो. तुटलेला चालत नाही."

मासे धरायचा नायलॉनचा दोरा,
विजेच्या एका खांबावरून दुसऱ्यावर.
खालून बस जाते, बर्फ उपसणारं यंत्र जातं,
कुत्र्याला फिरवणारे सिन्योर तावारेस जातात,
आणि आपण आत्ता एका दारातून गेलो
हे त्यांच्या गावीही नसतं.
दोन खांब, वर आडवा दोरा: झाली चौकट.
चौकटींचीच भिंत मानली
तर मॉन्ट्रियलची ही सगळी वस्ती एक घर,
आणि घरात शब्बाथलाही हातात काही नेता येतं:
किल्ली, बाळाची गाडी,
ब्लूमा मावशीसाठी सूप,
नाक पुसायला रुमाल.
दोरा तुटला की खिसे रिकामे.

देव राहतो कुठे, असं मी एकदा विचारलं होतं.
सात वर्षांची असेन. ताते शिडीवर, दातांत चिकटपट्टी.
म्हणाले, आधी सगळीकडे तोच होता.
दुसऱ्या कुणाला पाय ठेवायला जागा नव्हती.
मग त्यानं अंग चोरलं.
कुणी उभं दिसलं की बाकावर आपण सरकतो ना,
तसा सरकला.
त्या सरकण्यातून जी जागा झाली, ती ही.
शिडी नीट धर.

पोथ्यांत त्याला भारदस्त नाव आहे.
मी मनातल्या मनात संकोच म्हणते:
आकसणंही आलं त्यात, आणि लाजणंही.

जानेवारीतल्या त्या शुक्रवारी
पाऊस पडता पडता गोठत होता.
यार्डापाशी धुकं,
मालगाडीचे डबेसुद्धा नुसते आवाजाने कळत होते.
चार वाजता मेणबत्त्या लावायच्या,
अजून आठ खांब बाकी,
आणि माझे पाय ओले.
"सत्ताविसावा?"
मी काच खाली केली. वर पांढरं. फक्त पांढरं.
"आहे," म्हणाले.

घरी येऊन त्यांनी फोनवर निरोप नोंदवला,
दर आठवड्याचाच, खाकरून:
दोरा शाबूत आहे, शब्बाथ शालोम.
तीनशे घरं तो निरोप ऐकतात.

संध्याकाळी मी किल्ली टेबलावर ठेवली,
दार नुसतं लोटून निघाले.
प्रार्थनेला जाताना हात कुठे ठेवायचे कळेना.
समोरून शिफ्रा आली, ढकलगाडीत जुळी,
गाडीच्या दांड्याला केळ्यांची पिशवी.
मी तिच्याकडे बघून हसले, आणि ते हसू
घशात माशाच्या काट्यासारखं राहिलं.

घरी परतून ताते वाईनच्या पेल्यासाठी हात पुढे करतात
तर मनगटावर रुमाल.
पक्क्या गाठीचा.
अंगावर नेसलेलं ते ओझं नव्हे:
दोरा तुटलेल्या आठवड्यात
माणसं रुमाल असाच नेतात.

मी पेला भरत राहिले. सांडेपर्यंत.
"लोकांसाठी आहे तो," ते हळूच म्हणाले.
"गेल्या आठवड्यात होता, म्हणून आजही आहेच धरायचा.
कायदा तेवढा दयाळू आहे.
तुझ्या आवाजात नव्हता."

रविवारी ऊन पडलं. मी एकटीच गेले.
दोऱ्यावर बर्फाचं कवच चढलं होतं,
अंगठ्याएवढं जाड, लखलखीत,
रस्त्यावरच्या कुणालाही दिसेल असं.
तावारेस कुत्र्यासकट थांबून वर बघत होते.
"हे काय असतं?" त्यांनी विचारलं.
"दार," मी म्हणाले. ते जरासे सरकले,
मला उभं राहायला जागा करून देत.

तिथूनच घरी फोन लावला.
"ताते, सत्ताविसावा आहे. डोळ्यांनी बघितला."
पलीकडे बराच वेळ काही नाही.
नकाशा उलगडल्याचा आवाज.

"अठ्ठाविसावा?"