मान

सस्कॅचेवानमध्ये रस्ते पट्टीने आखलेत.
दर मैलाला एक चौक, आणि चौकात काहीच नाही.
सिग्नल नाही, पाटी नाही, टेकायला झाड नाही.
खडी, आभाळ,
आणि उजवीकडून येणाऱ्याचा मान.

एवढंच, मिसेस पेत्रीशिन म्हणायच्या.
उजवीकडचा आधी.
पंगतीत पहिलं ताट कुणापुढे ठेवायचं
हे कळतं ना तुला? तसंच.

मी सोळाची होते. गाडी त्यांची, तपकिरी,
त्यांच्या पायाशी एक जादा ब्रेक.
गावात, पोस्टापाशी, चारही बाजूंना थांबायच्या पाट्या असलेला
एकुलता एक चौक. तिथे सगळेच भले.
तू जा. छे, तू जा. अगं, जा ना.
चार काचांमागे चार हात हलताहेत
आणि गाडी एकही हलत नाही.
मिसेस पेत्रीशिन चिडायच्या:
चांगुलपणा घरी ठेवून ये.
जो आधी आला तो जाईल, मग त्याच्यानंतरचा.
तू काय करणार ते समोरच्याला
तुझ्याआधी कळलं पाहिजे.

पण गावाबाहेर, खडीवर,
चौक जवळ आला की त्या वेगळ्याच व्हायच्या.
मान पुढे, मान मागे, पुढे, मागे,
दाणे टिपणाऱ्या कोंबडीसारखी.
सगळी शाळा नक्कल करायची.
मीही केलीय, कर्लिंगच्या हॉलमध्ये,
कोपरांचे पंख करून. खूप हसले होते सगळे.

ऑगस्टमधल्या एका दुपारी म्हणाल्या, थांब. इंजिन बंद कर.
डावीकडे बघ. काय दिसतं?
गहू.
आणखी?
गहूच.
आता पुढे वाक.

वाकले.
काच आणि दार यांच्या मधला तो खांब,
जेमतेम चार बोटं रुंद,
त्याच्याआड एक अख्खं कापणीयंत्र उभं होतं.
लाल. घराएवढं.

दोघांचा वेग जुळला ना, त्या म्हणाल्या,
की तो खांबाआडून बाहेर येतच नाही.
तुझ्याबरोबर चालत राहतो, लपून.
तीन मैल मोकळं रान,
आणि तो पहिल्यांदा दिसतो
तेव्हा त्याच्या गालावरचा तीळसुद्धा दिसतो.

मग बराच वेळ टोळांचाच आवाज.

थॉर्लाक्सनांचा धाकटा. आर्नी.
मागे मोहरीची पोती होती.
मी उजवीकडून येत होते.

हे शेवटचं वाक्य त्यांनी दोनदा म्हटलं,
दुसऱ्यांदा जरा हळू.

पोलिसाने लिहिलं: आधी जायचा हक्क हिचा.
खाली रेघ ओढली. पट्टीने.
मी घरी आले, आंघोळ केली,
केसांतून मोहरी गळत राहिली.
पुढच्या जुलैत त्या चौकाच्या चरात
कुणी न पेरता पिवळं फुललं.
पंचायतीने यंत्र फिरवलं.
त्याच्या पुढच्या वर्षी परत आलं.

चल, त्या म्हणाल्या. आरसा बघ आधी.

यातलं मी कुणालाच सांगितलं नाही.
नक्कल मात्र पुन्हा केली नाही,
आणि कुणी केली की बुटांच्या नाड्या बांधत बसायचे.

काल धाकट्याला हॉकीच्या सरावाला नेत होते.
खडीचा चौक आला
आणि मान आपोआप पुढे गेली, मागे आली.
मागच्या सीटवर खुदखुद. आई कोंबडी झाली!
हसू दे.
मान द्यायचा तर आधी मान हलवावी लागते,
हे त्याला सोळाव्या वर्षी कळेल, किंवा मी सांगेन.

उजवीकडून धुळीचा लोट येत होता.
थांबले.
जुना पिकअप, टोपीतला म्हातारा, ओळखीचा नाही.
जाता जाता त्याने स्टेअरिंगवरचं एक बोट उचललं.
इकडचा रामराम असाच असतो.
मीही उचललं.

मग डावीकडे पाहिलं. गहू.
वाकून पाहिलं. गहूच.
तरी धूळ खाली बसेपर्यंत
ब्रेकवरचा पाय काही उचलला नाही.