नमुना क्रमांक ४१७

अंबड एमआयडीसीत, पावडर कोटिंगच्या शेडमागे आमची लॅब.
दोन तव्यांचं मशीन आहे:
वरचा पस्तीस अंशांवर, खालचा पंधरावर,
मधे कुणाचाही फूटभर चौकोन.

झाकण लावलं की माझ्या हातात काही राहत नाही.
आकडा आधी नाचतो, मग रेंगाळतो,
आणि सहा-सात तासांनी मान टाकतो.
तेव्हाच लिहायचा.

पफ: शून्य पूर्णांक शून्य दोन तीन.
थर्माकोल: शून्य तीन सहा.
काचलोकर हातांना डसते, पण शून्य चार देते;
भिजली की शब्द फिरवते.
काम सगळ्यांत हवाच करते,
जिला हलायला जागा उरलेली नाही, ती.

तपासलेले नमुने तीन महिने फडताळात राहतात.
न्यायला कुणी येत नाही.
मग साहेब म्हणतात, गांगुर्डेबाई, टाकून द्या.
मी टाकते. घरी, पत्र्याखाली.
दहा बाय बाराची खोली, म्हणजे एकशेवीस चौकोन.
सात वर्षांत एकशेएकोणीस झाले.
उताणं पडून वाचता येतात
कंपन्या, तारखा, माझंच अक्षर.

दिवाळीनंतर दिंडोरीचे हिरामण पगार आले होते.
खरड छाटणीतल्या द्राक्षकाड्यांचा भुगा, कांद्याची सालं,
चिकटवलंय कशानं ते सांगेनात.
बाहेरच्या बाकावर बसून राहिले
दवाखान्यात बसतात तसे, डबाही उघडला नाही.
संध्याकाळी: शून्य सात एक.
"म्हणजे बरं की वाईट?"
लाकडापेक्षा बरं, म्हटलं.
कोल्ड स्टोरेजवाले घेणार नाहीत.
"बरं," म्हणाले. पावती घडी करून टोपीत ठेवली.
नमुना विसरले. किंवा विसरले नाहीत.

मार्चमध्ये तो माझ्या उशीवरच्या
शेवटच्या भोकात बसवला.
जड होता, चार स्क्रू लागले.

बाकीचे चौकोन दुपारशी दुपारीच काय ते भांडतात.
हा एकटा ती पोटात धरून ठेवतो,
आणि रात्री नवाला, भांडी आवरून मी आडवी झाले
की कपाळावर उतरतं
दोन वाजताचं ऊन,
किंचित, काडीच्या वासाचं.

काढून पायथ्याशी लावते म्हणते.
तीन आठवडे झाले, म्हणतेच आहे.